जादूची भट्टी लिहायची असेल तर ती काय घालवते ते आधी ठरवा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. तुमच्या कादंबरीतल्या विश्वात एक चंद्र फुटला आहे, त्याचे तुकडे जमिनीवर पडतात आणि लोक त्यांना ‘सोमखडा’ म्हणतात. सोमखडा मंत्रभट्टीत घातला की कधी तलवार निघते, कधी आरसा, कधी औषध. भट्टीचं तापमान किती लिहू, ती कशाची बांधलेली दाखवू, मंत्रानं नेमकं काय होतं असं सांगू, आणि वाचणाऱ्याला ‘काहीही हं!’ वाटू नये म्हणून काय करू, असं तुम्ही विचारलंय.

मी गोष्टी लिहीत नाही. कोल्हापूरजवळ शिरोलीत आधी फाउंड्रीत आणि पुढं हीट ट्रीटमेंटमध्ये, म्हणजे धातू तापवून-थंड करून कडक किंवा मऊ करायच्या कामात नोकरी झाली, त्यामुळे खऱ्या भट्ट्या काय करतात आणि काय करायला साफ नकार देतात तेवढं सांगू शकतो. तुमची मंत्रभट्टी नकार देतच नाही. घालाल ते घेते, मागाल ते देते. गोम तिथंच आहे. तापमानाचा आकडा सगळ्यात शेवटी ठरवला तरी चालेल. त्याआधी हे ठरवा की भट्टीत गेल्यावर सोमखड्याचं काय कायमचं जातं. माझ्या सगळ्या उत्तराचा सारा भर एवढ्यावरच आहे.

आकाशातून पडलेल्या खऱ्या धातूचं उदाहरण घेऊ. एप्रिल १६२१ मध्ये जालंधर परगण्यातल्या एका गावात सकाळी प्रचंड आवाज झाला आणि वरून एक उजेड जमिनीवर पडला. तिथल्या अंमलदारानं जागा खणायला लावली. जसजसं खाली जावं तसतशी धग वाढत गेली आणि शेवटी तापलेल्या लोखंडाचा गोळा हाती लागला. तो बादशहा जहांगीरकडे पाठवला गेला. वजन भरलं १६० तोळे, म्हणजे दोन किलोच्या आतबाहेर. जहांगीरनं उस्ताद दाऊद नावाच्या कारागिराला याची तलवार, खंजीर आणि सुरी करायला सांगितली. दाऊदचा निरोप आला की हे घणाखाली टिकत नाही, तुकडे पडतात. मग तीन हिस्से हे ‘विजेचं लोखंड’ आणि एक हिस्सा साधं लोखंड असं मिसळून दोन तलवारी, एक खंजीर आणि एक सुरी घडली. जहांगीरनं हे सगळं आपल्या आत्मचरित्रात लिहून ठेवलंय, आणि ती सुरी आज वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संग्रहालयात आहे.

आता हा प्रसंग कारागिराच्या बाजूनं बघा. दिल्लीपतीचा हुकूम, आकाशातून आलेला माल, दरबारातला नावाजलेला माणूस, आणि पहिल्या घावाला माल फुटतो! कारण बहुधा गंधक. लोखंडी उल्केत लोखंड आणि गंधक यांच्या संयुगाचे खडे अडकलेले असतात. लोखंड वितळायला १५३८ अंश लागतात, पण हे गंधकाचं मिश्रण हजार अंशांच्या थोडं अलीकडेच पातळ होतं. म्हणजे वरून नारिंगी, भक्कम दिसणाऱ्या तुकड्यात आतले कण सुटे झालेले असतात. घण बसला की संपलं. आमच्याकडे याला ‘हॉट शॉर्ट’ म्हणतात आणि बीड ओतणारा प्रत्येक जण गंधकाच्या नावानं बोटं मोडतो.

इथं तुम्हाला काय मिळालं? राजाला शुद्ध सोमखड्याची तलवार हवी आहे आणि कारागीर सांगतोय की गावठी लोखंडाची भेसळ केल्याशिवाय ती उभी राहणार नाही. त्यात एक पाव हिस्सा आकाश कमी होणार. हे राजाला कोण सांगणार, कसं सांगणार? एक प्रकरण तयार आहे, त्यात मंत्राची गरजही पडली नाही.

दुसरी गोष्ट मला याहून महत्त्वाची वाटते. लोखंडी उल्का कापून, घासून, तिच्यावर सौम्य आम्ल फिरवलं की एकमेकींना छेदणाऱ्या पट्ट्यांची नक्षी वर येते. तिला विडमनश्टेटन नक्षी म्हणतात. ती कुणी कोरलेली नसते. लहानशा ग्रहाच्या पोटात लोखंड आणि निकेल इतकं सावकाश थंड झालं, की दहा लाख वर्षांत तापमान उतरावं ते काही अंश, फार तर काही हजार अंश. तेवढ्या सवडीनं निकेल कमी-जास्त असलेले थर वेगळे होत गेले. हाच तुकडा लोहाराच्या भट्टीत पिवळा होईपर्यंत तापवून ठोकला की नक्षी मोडते, त्याच तापात बराच वेळ ठेवला तर पुसलीच जाते, आणि पृथ्वीवरची कुठलीही भट्टी ती परत आणू शकत नाही. कुणाकडेच तेवढा वेळ नाही.

ग्रीनलंडच्या केप यॉर्कला पडलेल्या उल्केचं लोखंड तिथले इन्युइट लोक शतकानुशतकं वापरत होते. त्यांच्याकडे लोखंड तापवायला पुरेसं सरपणच नव्हतं. ते बेसॉल्टच्या धोंड्यांनी ठेचून उल्केचे लहान कपचे काढायचे, थंडच ठोकून पसरवायचे आणि हाडाच्या मुठीत बसवून सुऱ्या करायचे. उल्केभोवती त्या धोंड्यांचा खच सापडला आहे. ही पण भट्टीच म्हणा, फक्त विस्तव नसलेली. पातं नखाएवढं, पण मूळ जडणघडण बरीचशी शाबूत.

म्हणून माझी सूचना अशी: तलवार, आरसा आणि औषध हे तीन मंत्रांचे तीन परिणाम करू नका. एकाच द्रव्यानं तीन निरनिराळ्या गोष्टी गमावल्या म्हणून ती तीन रूपं झाली, असं करा. समजा सोमखड्यात तीन गुण आहेत: आतली जुनी नक्षी, वजन, आणि पुन्हा मूळ रूपात येण्याची ताकद. तापवून ठोकला की नक्षी जाते. मिळते ती तलवार, धारदार, पण चंद्राशी तिचं नातं तुटलेलं. वाफ करून थंड भिंतीवर धरला की वजन जातं. तो आरसा. आणि जाळून जाळून राख केली की परत येणं जातं. ते औषध.

हे शेवटचं आपल्याकडे आयतं आहे. रसशास्त्रात धातूचं भस्म करताना आधी शोधन म्हणजे शुद्धी, मग मारण म्हणजे जाळून राख करणं, आणि त्यासाठी एकामागून एक पुटं म्हणजे बंद भाजणी देतात. खड्ड्यात शेणी रचायच्या, मधे शराव-संपुट म्हणजे मातीच्या दोन परळांची बंद डबी, वर पुन्हा शेणी. मोठ्या खड्ड्याला गजपुट म्हणतात. भस्म झालं की नाही हे ओळखायच्या परीक्षा फार सुंदर आहेत. चिमूटभर पाण्यावर टाकलं तर तरंगलं पाहिजे. बोटांत चोळलं तर बोटाच्या रेषांत शिरून बसलं पाहिजे. आणि काही ठरावीक द्रव्यांबरोबर पुन्हा तापवलं तरी त्याचा परत धातू होता कामा नये, याला अपुनर्भव म्हणतात. तुमच्या नायिकेनं आजारी भावासाठी सोमखड्याचं भस्म केलं, तर त्या तुकड्याची तलवार आता कधीच होणार नाही, ही गोष्ट ती स्वतः पाण्याच्या वाटीत बघू शकते. पूड तरंगते का याची ती वाट बघतेय आणि ती बुडावी असंही तिला आतून वाटतंय. हा प्रसंग मी तुमच्या जागी असतो तर आधी लिहिला असता. (भस्म घरी करून बघायला जाऊ नका, पाऱ्याची आणि शिशाची वाफ जीव घेते.)

‘गमावणं’ म्हटलं की विश्वकर्म्याची कथा आठवते. सूर्याचं तेज त्याच्या बायकोला, म्हणजे विश्वकर्म्याच्याच मुलीला, सोसेना. मग सासऱ्यानं जावयाला यंत्रावर चढवून घासला. विष्णुपुराण सांगतं की तेजाचा आठवा हिस्सा उतरला, आणि खाली पडलेल्या त्या जळत्या तेजातून विष्णूचं चक्र, शंकराचा त्रिशूळ, कार्तिकेयाची शक्ती म्हणजे भाला अशी आयुधं घडली. लेथवर काम केलेल्या कुणालाही ही कथा ऐकून हसू येईल, कारण यात भुग्याचा पण हिशेब आहे. आमच्याकडे बीडाचा कातीव भुगा ‘बोरिंग’ म्हणून किलोवर विकला जातो आणि परत भट्टीत जातो. तुमच्या सोमखड्याच्या कामात भुगा पडतो का? तो कुणाच्या मालकीचा? भट्टीघर झाडणाऱ्या बाईच्या पदरात संध्याकाळी काय जातं? पुराणकारानं हे विचारात घेतलं, तुम्हीही घ्या.

आता ‘भट्टी कशाची?’ हा प्रश्न. फाउंड्रीत हा रोजचा प्रश्न असतो. धातू वितळवणं सोपं आहे, वितळलेला धातू धरून ठेवायचा कशात ही खरी कटकट. इंडक्शन भट्टीत, म्हणजे भोवतीच्या तांब्याच्या वेटोळ्यातून (कॉइलमधून) वीज सोडून धातू तापवणाऱ्या भट्टीत, आतून सिलिकाचं लायनिंग म्हणजे अस्तर ठोकून बसवतात. दर खेपेला वितळलेला धातू ते थोडं थोडं खातो. जास्त खाल्लं की धातू कॉइलपर्यंत पोचतो, आणि कॉइलमध्ये पाणी खेळत असतं. वितळलेल्या धातूखाली पाणी सापडलं तर त्याची क्षणात वाफ होते आणि सगळा धातू छपराला जातो. म्हणून पावसाळ्यात ओला स्क्रॅप टाकणाऱ्याला शिव्या बसतात, त्या प्रेमापोटी.

टंगस्टन ३४२२ अंशांवर वितळतं. एवढ्या तापात टिकेल अशी मूस करणं परवडत नाही, म्हणून ते बहुतेक वितळवतच नाहीत. पूड दाबून, तापवून, कण एकमेकांना चिकटवून घन करतात. जुन्या बल्बची तार अशीच तयार व्हायची. टायटॅनियमची तऱ्हा वेगळी. तापलं की हवेतला ऑक्सिजन आणि नायट्रोजन पिऊन ठिसूळ होतं, आणि वितळलं की मातीच्या मुशीलाच खातं. त्याला निर्वात जागेत तांब्याच्या भांड्यात वितळवतात. टायटॅनियम वितळतं १६६८ अंशांवर आणि तांबं १०८५ वर, म्हणजे भांडं आधी वितळायला हवं. पण तांब्याच्या पाठीमागून सतत गार पाणी फिरवलेलं असतं. भांड्याला टेकलेलं टायटॅनियम लगेच गोठतं, त्याची साल तयार होते, आणि त्या सालीच्या आत उरलेलं टायटॅनियम उकळत्या दुधासारखं हलत राहतं. धातू स्वतःच स्वतःची मूस होतो. पाणी थांबलं की खेळ खलास.

ही तुमच्या मंत्राची जागा. मंत्राला एकच काम द्या, त्या गार पाण्याचं. सोमखडा कुठल्याही भांड्याला खातो, दगडाला, मातीला, सोन्यालासुद्धा. फक्त मंत्र चालू असेपर्यंत भांड्याची भिंत गार राहते आणि सोमखड्याची साल धरते. बाकी सगळं, कोळसा, भाता, घण, घाम, नेहमीसारखंच असू द्या. एकदा एवढं ठरलं की वाचणारा तुमच्या आधी पुढचं ओळखायला लागेल: मंत्र म्हणणाऱ्याला ठसका लागला तर? गावात सर्दीची साथ आली तर? मंत्रानं जखमाही भरतात, माणसं उडतात, असं मात्र चुकूनही लिहू नका. मग भट्टीपुढं कुणी कशाला बसेल?

आरशासाठी वाफेची गोष्ट केली, तिला पण खरा आधार आहे. उदयपूरजवळ जावर इथं जस्त काढायचे. जस्ताची पंचाईत अशी की ते ९०७ अंशांवर उकळतं, आणि खनिजापासून ते सोडवायला त्याहून जास्त ताप लागतो. म्हणजे धातू सुटतो तोच वाफ होऊन. उघड्या भट्टीत ही वाफ वर जाते, हवा लागताच पांढरा धूर होतो, आणि हाती काही राहत नाही. जावरच्या लोकांनी भट्टी उलटी केली. वांग्याच्या आकाराच्या मातीच्या मुशीत माल भरायचा, नळीसारख्या तोंडात एक काडी खोवायची आणि मूस तोंड खाली करून बसवायची. काडीमुळे माल खाली पडत नाही. ताप चढला की काडी जळते आणि वाफेला जायला बारीक वाट तयार होते. वर विस्तव, खाली गार कोठडी, वाफ खाली उतरून तिथं थेंबाथेंबानं जमते. एका भट्टीत अशा ३६ मुशी असायच्या. हे तिथं मोठ्या प्रमाणावर चालत होतं तेव्हा युरोपात जस्त कसं काढायचं ते कुणालाच माहीत नव्हतं. विल्यम चॅम्पियननं तिकडं पेटंट घेतलं ते १७३८ साली. वापरून झालेल्या मुशींचे ढीग जावरला आजही आहेत, आणि जुन्या घरांच्या भिंतीसुद्धा त्याच मुशी रचून बांधलेल्या आहेत. मंत्रभट्टीच्या गावातली घरं कशाची असतील, याचं उत्तर तुम्हाला इथं मिळालं.

तापमानाबद्दल एवढंच: आकडा लिहू नका. तुमच्या विश्वात थर्मोकपल, म्हणजे भट्टीचा ताप मोजायची तार नाही. लोहार रंग बघतो. काळपट लाल, मग जांभळासारखा लाल, नारिंगी, पिवळा, आणि पांढरट व्हायला लागला की ठिणग्या फुटतात, म्हणजे पोलाद जळायला लागलं. उन्हात हे रंग कळत नाहीत, म्हणून भट्टीघर अंधारं ठेवतात. लोहचुंबकाचीही एक खूण आहे, ७७० अंशांच्या आसपास लोखंडाला चुंबक चिकटेनासा होतो. सोमखड्याला अशीच एखादी स्वतःची खूण द्या. अमुक तापाला त्याची सावलीच पडेनाशी होते, असं काहीतरी.

आणि पाणी पाजणं गाळू नका. तुमच्या मसुद्यात तलवार भट्टीतून निघते ती थेट नायकाच्या हातात. खरी तलवार बिघडते ती पुढच्या काही सेकंदांत. लाल पातं सांडशीनं सरळ उभं धरून तेलात किंवा पाण्यात उतरवतात. तिरकं गेलं तर एक बाजू आधी थंड होते आणि पातं वाकतं. पात्याभोवती वाफेचा पडदा धरतो, तो फुटला की आवाज बदलतो, कारागिराचे कान तिकडेच असतात. सगळ्यांत नको असलेला आवाज म्हणजे बारीकशी ‘टिंग’. तडा गेला, आठवड्याचं काम गेलं. जपानी तलवारीच्या पाठीला मातीचा लेप देतात, म्हणजे धार झपकन थंड होऊन कडक होते आणि पाठ मऊ राहते. कडक झालेली धार फुगते, म्हणून त्या तलवारीला तो बाक येतो. पाणी पाजलेलं पातं काचेसारखं ठिसूळ असतं, ते पुन्हा हलकं तापवून उतरवावं लागतं. घासून उजळलेल्या पात्यावर तेव्हा रंग चढत जातात, आधी गवती पिवळा, मग तपकिरी, जांभळा, निळा. वस्तऱ्याला पिवळ्यावर थांबायचं, स्प्रिंगला निळ्यापर्यंत जायचं. तुमची नायिका निळ्याच्या किती अलीकडे हात काढते, यावरून ती कुणाच्या हाताखाली शिकली ते कळलं पाहिजे.

लोहार एकटा दाखवलाय, तोही बदला. भट्टी एका माणसाचं काम नाही. रस्त्याकडेला पाल टाकून बसलेले घिसाडी बघितले असतील. पुरुष एका हातानं सांडशीत पातं फिरवतो, दुसऱ्या हातातल्या लहान हातोडीनं घाव कुठं हवा ते टिचकीसारखं दाखवतो, आणि समोर बाई घण घालते. पोर भाता किंवा पंखा सांभाळतं. कुणी बोलत नाही, बोलायला वेळ नसतो. शिवाय लोणारी कोळसा लागतो, तो पाडायला जंगल लागतं, म्हणजे जंगल कुणाचं हा तंटा आलाच. राजकारण हवं असेल तर तिथून आणा, दरबारात शोधू नका.

आणि हो, मंत्र म्हणणाऱ्यांच्या पाळ्या लावा. सोमखडा रात्रभर वितळत ठेवायचा तर एकाचा घसा पुरणार नाही. फाउंड्रीत घोटाळे होतात ते पाळी बदलताना. जाणाऱ्याला वाटतं येणाऱ्यानं बघितलं, येणाऱ्याला वाटतं जाणाऱ्यानं सांगितलं असतं. तिसऱ्या प्रकरणात तुम्ही जी भट्टी शत्रूच्या शापानं फोडली आहे, ती शाप काढून टाकून पहाटेच्या पाळीबदलात फोडून बघा. पहिल्यानं शेवटचा शब्द म्हटला आहे, दुसरा अजून पायऱ्या चढतोय.